होळीला घरी येणारी फॅशन

जळगावकडच्या माणसाला म्हसावद म्हटलं की पाचोऱ्याच्या वाटेवरचं रेल्वे स्टेशन आठवतं. साताऱ्याकडच्याला म्हसवड ऐकू येतं. हे म्हसावद तिसरं. नंदुरबार जिल्ह्यात, शहादा तालुक्यात, सातपुड्याच्या पायथ्याला. इथे रेल्वे नाही. गाडी धरायची तर दोंडाईचा नाहीतर नंदुरबार गाठायचं. पण शहाद्याहून धडगावकडे आणि तोरणमाळकडे जायचं तर वाटेत हे गाव लागतं. त्यामुळे सपाटीवरची पपई-केळी आणि डोंगरातली महू-चारोळी, खालची अहिराणी-गुजरी आणि वरची पावरी-भिलोरी, या सगळ्यांची गाठ इथे पडते.

होळीच्या आधीच्या दिवसांत या बाजारात थोडा वेळ उभं राहावं. कानावरचे केस तासलेले, वर कोंबड्याच्या तुऱ्यासारखा झुपका, गुडघ्यावर फाडलेली जीन्स, काळा गॉगल, पाठीवर सॅक आणि हातात गाणारा स्पीकर अशी पोरं घोळक्याने फिरताना दिसतात. त्यातलाच एखादा चार दिवसांनी ओळखू येत नाही. डोक्यावर मोरपिसांचा टोप, अंगभर पांढरे ठिपके, कमरेला वाळलेले दुधी भोपळे आणि घुंगरं बांधून तो होळीचा बुध्या झालेला असतो, रात्रभर ढोलावर नाचत असतो. नवस असेल तर त्याने त्याआधीचे दिवस खाटेवर न झोपता काढलेले असतात.

आता यातली फॅशन कोणती आणि परंपरा कोणती? तरुणाईवर लिहिणारे आपण बहुतेक जण पुण्या-मुंबईची फूटपट्टी लावतो. कॅफे, जिम, स्टार्टअप, कोरियन गाणी, मानसिक आरोग्य. ही फूटपट्टी दिनक्रमाची आहे: पोरगं रोज काय घालतं, कुठे बसतं, काय खातं. म्हसावदच्या परिसरात ती चालत नाही. इथली जीवनशैली पंचांगाने चालते. ती चार-सहा दिवस भरभरून दिसते आणि उरलेलं वर्षभर ती कुठेतरी दूर कमावली जात असते. या लेखात आढावा घ्यायचा तो या दोन्हींचा.

दाखवायचे दिवस

वर्षाचे दिवस मोजूया. दिवाळीत अस्तंब्याची यात्रा. चिरंजीव अश्वत्थाम्याचं ठाणं मानलेला हा १३२५ मीटरचा डोंगर पोरं टोळ्या करून, रात्रीबेरात्री जयघोष करत चढतात. शहरातल्यांनी ट्रेक हा शब्द उचलण्याच्या कितीतरी आधीपासून हा इथला ट्रेक आहे. मार्गशीर्षात दत्तजयंतीला सारंगखेड्याची घोड्यांची यात्रा. घोडा घ्यायचा नसतो, घोड्यासोबत फोटो घ्यायचा असतो. महाशिवरात्रीला तोरणमाळ. मग भोंगऱ्या बाजार आणि होळी, जी डोंगरात गावोगावी वेगवेगळ्या दिवशी पेटते. अक्षय्य तृतीयेला अख्ख्या खानदेशात आखाजी, लेकीबाळींचे झोके. श्रावणात कानबाईचा उत्सव. आणि गेल्या काही वर्षांत या सगळ्यांच्या बरोबरीला येऊन बसलेला ९ ऑगस्ट, जागतिक आदिवासी दिन.

यात लग्नसराई धरा. लग्नात बँड कुठला, यावरून वऱ्हाडाची पत ठरते. दक्षिण गुजरात आणि पश्चिम खानदेश यांची इथे एकच बाजारपेठ आहे. टिमली नाचाची चाल तिकडून इकडे येते, इकडची रोडालीची धून तिकडे वाजते. बँडवाले प्रत्येक लग्नाचं चित्रीकरण यूट्यूबवर टाकतात आणि पुढच्या सुपाऱ्या त्यावरून मिळवतात. एकाच सुरात, एकाच पावलात शंभर-दोनशे पोरं-पोरी हातात हात घालून गोल फिरतात, तेव्हा वरून ड्रोन फिरत असतो. नाच जुनाच आहे, फक्त तो आता आकाशातूनही बघितला जातो.

दाखवायला पैसा कुठला?

२०११च्या जनगणनेत नंदुरबार जिल्ह्याची लोकसंख्या साडेसोळा लाखांच्या आत होती आणि त्यातले ६९ टक्के आदिवासी. डोंगरातलं शेत पावसावरचं. दसरा-दिवाळीनंतर घराला कुलूप लावून माणसं निघतात. कुणी ऊसतोडीला, कुणी सौराष्ट्रात शेतमजुरीला, कुणी सुरतेच्या बांधकामावर. ऊसतोडीत माणसं मोजत नाहीत, कोयते मोजतात. एक कोयता म्हणजे एक जोडपं. मुकादम आधी उचल देतो, ती हंगामभर कामातून फेडायची. फडाजवळच्या झोपड्यांच्या वस्तीला पडाव म्हणतात.

हे आजचं नाही. डच समाजशास्त्रज्ञ यान ब्रेमन यांनी १९७०च्या दशकातच बारडोली भागातल्या सहकारी साखर कारखान्यांसाठी खानदेशातून नेल्या जाणाऱ्या ऊसतोड टोळ्यांवर लिहून ठेवलं आहे. गंमत अशी, की याच अभ्यासकाने पुढे इंडोनेशियात, जावा बेटावरच्या खेड्यांत जाऊन तिथल्या भूमिहीनांचाही अभ्यास केला. एकाच माणसाला खानदेश आणि जावा या दोन्ही ठिकाणी एकाच प्रश्नाने नेलं: गावात राहून पोट भरत नाही तेव्हा गाव कसं टिकतं?

तो धागा आपणही पुढे नेऊ. इंडोनेशियाच्या तरुणांवर आज जगभर लिहिलं जातं. २०२४च्या निवडणुकीत तिथे वीस कोटींहून अधिक मतदार होते आणि त्यातले निम्म्याहून जास्त चाळिशीच्या आतले. पण तिथली सगळ्यात मोठी तरुण घटना कॅफेत घडत नाही, ती ईदच्या आठवड्यात रस्त्यावर घडते. जकार्तासारख्या शहरांतून कोट्यवधी माणसं गावी परततात. त्याला त्यांच्याकडे 'मुदिक' म्हणतात. 'उदिक' म्हणजे नदीच्या वरच्या अंगाचा मुलूख, आपलं गाव. मोटारसायकलवर बायको, पोर आणि खोकी बांधून, नवे कपडे घालून माणूस गावात शिरतो, तेव्हा वर्षभर त्याचं शहरात काय झालं हे कुणी विचारू नये म्हणूनच जणू तो इतका नटलेला असतो.

होळी ही सातपुड्याची मुदिक आहे. फडावरून, सुरतेहून, राजकोटकडून गाड्या भरभरून माणसं येतात. बाजारातला तो गॉगल, तो स्पीकर, ती जीन्स हा वर्षाचा हिशेब असतो, अंगावर घालून दाखवलेला. म्हणून त्या पोराकडे बघून नाक मुरडणाऱ्याने आणि 'आदिवासी आता बदलला' म्हणून हळहळणाऱ्याने एवढं तरी ध्यानात घ्यावं, की त्या गॉगलमागे ऊस आहे.

स्टेज कुणाचं?

म्हसावदच्या तालुक्याचं डिजिटल इतिहासात एक ठळक नाव आहे. २९ सप्टेंबर २०१० रोजी देशातलं पहिलं आधार कार्ड दिलं गेलं ते याच शहादा तालुक्यातल्या टेंभलीत. मात्र आधाराने माणसाला क्रमांक मिळाला, आवाज नाही. तो मिळाला २०१६नंतर, जिओच्या स्वस्त डेटाने. २९ जून २०२०ला टिकटॉक बंद झालं तेव्हा शहरात विनोद झाले. इथे कित्येकांची पहिली ओळख एका रात्रीत पुसली गेली. मग सगळे रील आणि यूट्यूबकडे वळले.

वाहरू सोनवणे यांची 'स्टेज' नावाची कविता मराठीत पुष्कळदा उल्लेखली गेली आहे. आदिवासींचं दुःख आदिवासींनाच स्टेजवरून कोण सांगतं, हा तिचा विषय. त्यांचा 'गोधड' हा संग्रह १९८७चा. त्यानंतर संतोष पावरा यांच्या 'ढोल'सारखे पावरीतले कवितासंग्रह आले. पण पुस्तक छापायला प्रकाशक लागतो आणि वाचायला शाळा लागते. मोबाइलला दोन्ही लागत नाही. आज पावरी, भिलोरी, मावची, अहिराणी या बोलींतली गाणी लाखांनी बघितली जातात. अहिराणीत तर झुमकेवाल्या पोरीच्या एका गाण्याने खानदेशची वेस ओलांडली आणि ज्यांना अहिराणीचं एक वाक्य येत नाही त्यांनीही त्यावर रील केल्या. शाळेत 'शुद्ध बोल' म्हणून जी भाषा दाबली गेली, तिने नाचायला लावलं, हा छोटा बदल नाही.

इंडोनेशियातल्या तरुणांनी २८ ऑक्टोबर १९२८ला शपथ घेतली, ती एका देशाची आणि एका भाषेची. जावानीज बोलणारे सगळ्यात जास्त असूनही त्यांनी मलय भाषेवर उभी राहिलेली इंडोनेशियन निवडली. आपल्या या पट्ट्यातल्या पोराने कुठलीच निवड केली नाही, सगळ्या ठेवल्या. आईशी पावरी, बाजारात अहिराणी, मास्तरांशी मराठी, मुकादमाशी गुजराती आणि कमेंटमध्ये हिंदी. कुठे कोण व्हायचं हे त्याला भाषेच्या बटणावर ठरवता येतं. पण पावरी लिहायची कशी, हे मात्र त्याला कुणी शिकवलेलं नाही. त्यामुळे गाणी वाढली, मजकूर वाढला नाही.

आणि स्टेज हाती आलं तरी कॅमेरा नेहमी आपलाच असतो असं नाही. भोंगऱ्या बाजारात बाहेरचे यूट्यूबर येतात आणि 'इथे मुली पसंत करून पळवतात' असली शीर्षकं टाकतात. भोंगऱ्या हा होळीच्या खरेदीचा बाजार आहे, डाळ्या, गूळ, खजूर, हार-कंगण घ्यायचा. तिथे ओळखी जुळतही असतील, जशा कुठल्याही जत्रेत जुळतात. या खोट्या चित्रणाला आता शिकलेली आदिवासी पोरं-पोरी जाहीर हरकत घेतात. माझ्या मते इथल्या तरुण संस्कृतीतली ही सगळ्यात नवी गोष्ट आहे. नुसतं दिसायचं नाही, कसं दाखवलं जातं यावरही हक्क सांगायचा.

छातीवरचं नाव

टी-शर्टवर बिरसा मुंडा, गाडीच्या मागे 'जय आदिवासी', स्टेटसला 'जोहार'. इंग्रजांशी लढलेले खाज्या नाईक आणि तंट्या भिल हेही आता चित्ररूपात फिरतात. खाज्या नाईकांच्या भिल्लांची इंग्रजांशी सातपुड्यात आंबापाणीला लढाई झाली ती ११ एप्रिल १८५८ची. पाठ्यपुस्तकात तिला ओळभर जागाही जेमतेम मिळते, बनियनवर मात्र अख्खी छाती मिळाली आहे.

९ ऑगस्टचा दिवस संयुक्त राष्ट्रांनी १९९४ साली जाहीर केला. १९८२ साली मूळनिवासींसाठीच्या कार्यगटाची पहिली बैठक त्या तारखेला झाली होती. जिनिव्हातली एक बैठक शहाद्याच्या चौकात ढोल वाजवून साजरी होते. काहींना यात आणि 'जोहार'मध्ये परकं अनुकरण दिसतं. पण या मुलखाला स्वतःची जुनी अभिवादनंही आहेत. तळोदा तालुक्यातल्या मोरवडच्या गुलाम महाराजांनी १९३०च्या दशकात दारू-मांस सोडा, एकमेकांना 'आप की जय' म्हणा, असं सांगत हजारो भिल्लांना एकत्र केलं. १९३८ला ते गेले, पण चळवळ चालू राहिली आणि २ मार्च १९४३ला रावलापाणीला जमलेल्या भाविकांवर इंग्रजांच्या पोलिसांनी गोळ्या झाडल्या. स्वतःला काय म्हणवून घ्यायचं, यासाठी इथे रक्त सांडलेलं आहे.

मग १९७०चं दशक. आदिवासींचे नेते अंबरसिंग सुरतवंती, १९७२ची श्रमिक संघटना, मुंबईच्या आयआयटीतून शिकून आलेले कुमार शिराळकर, जमिनीचे आणि मजुरीचे लढे, दारूची मडकी फोडत गावोगाव फिरलेल्या बाया. त्या वेळच्या तरुणाची जीवनशैली म्हणजे शिबिर, गाणं आणि मोर्चा. आजचा तरुण मोर्चात येतो तो डीजेमागे. जुने कार्यकर्ते यावर उसासे टाकतात. पण डीजे हवा की ढोल, हा वाद गावोगाव पोरांच्याच बैठकांत होतो आहे, हेही पाहिलं पाहिजे.

भर पेठेत आपल्याला जागा आहे का, हा प्रश्न मात्र तोच आहे, इथे आणि इंडोनेशियातही. २०२२च्या जुलैत जकार्ताच्या चकचकीत कचेऱ्यांच्या भागात चितायम, बोजोंगगेदे अशा कडेच्या वस्त्यांतली पोरं लोकलने येऊन बसू लागली, स्वस्तातले कपडे घालून झेब्रा क्रॉसिंगवर चालू लागली. लोकांनी त्याला चितायम फॅशन वीक नाव दिलं. त्या भागातल्या बड्या व्यापारी पेठेचं 'एससीबीडी' हे लघुरूप पोरांनी आपल्या वस्त्यांच्या नावांनी नवं फोडून दाखवलं. जाहिरातवाले आले, पुढारी आले, आणि महिन्याच्या आत वाहतुकीला अडथळा म्हणून ते उठवलं गेलं. शहाद्यात ९ ऑगस्टला रस्ता भरतो तेव्हा त्याच भावनेचा दुसरा अवतार दिसतो. एरवी ज्या पेठेत माल उतरवायला यायचं, त्या पेठेतून वर्षात एकदा मधोमध चालायचं.

पहाटेचे धावणारे

सण सोडून रोज दिसणारं एकच दृश्य आहे. पहाटे अंधारात रस्त्याच्या कडेने धावणारी पोरं. भरती. पोलीस भरतीत मुलांना १६०० मीटर धावायचे असतात, पैकीच्या पैकी गुण हवे तर ५ मिनिटं १० सेकंदांत. मुलींना ८०० मीटर. कुणाच्या पायात बूट, कुणी अनवाणी, एकाच्या मोबाइलमध्ये सगळ्यांचं घड्याळ. शहरातलं पोरगं जिमला जातं ते शरीर घडवायला, इथलं धावतं ते घरात पगार आणायला. व्यायाम ही इथली एकमेव बारमाही फॅशन आहे आणि तीही नोकरीच्या पोटी.

आदिवासी भागासाठी असलेल्या पेसा कायद्याच्या क्षेत्रातल्या पदांची भरती न्यायालयीन वादात अडकली, तेव्हा २०२४ साली उमेदवार महिनोन्महिने आंदोलनं करत होते. ४ ऑक्टोबर २०२४ला विधानसभेचे तेव्हाचे उपाध्यक्ष नरहरी झिरवाळ आणि इतर काही आमदारांनी मंत्रालयातल्या जाळीवर उड्या मारल्या, त्यातल्या मागण्यांत हाही प्रश्न होता. २०१८ साली वसतिगृहातली खानावळ बंद करून जेवणाचे पैसे खात्यावर द्यायचं ठरलं, तेव्हा विद्यार्थी पुण्याहून नाशिककडे पायी निघाले होते. हक्काचे पैसे वेळेवर मिळत नाहीत हे जसं फडावर, तसं वसतिगृहातही अनेकांच्या वाट्याला येतं.

२०२५च्या सुरुवातीला इंडोनेशियात तरुणांनी 'आधी पळ काढूया' अशा अर्थाचा हॅशटॅग चालवला. देशात भवितव्य दिसत नाही, बाहेर पडू, असा त्याचा सूर. आपल्या पोराला हॅशटॅगची गरज नाही. त्याचा आजा पळाला, बाप पळाला. त्याला आता थांबायचं आहे. पोलिसाची वर्दी ही थांबण्याची परवानगी आहे.

सपाटीवरची पोरं आणि सगळीकडच्या पोरी

सपाटीवर चित्र वेगळं. बागायतदार घरातला तरुण ट्रॅक्टर चालवतो, पपईचे दर व्हॉट्सअ‍ॅपवर बघतो, उत्तरेकडच्या व्यापाऱ्याशी हिंदीत घासाघीस करतो. त्याच्याकडे बुलेट आहे, विहीर आहे, ठिबक आहे, नवरी नाही. शेतकरी नवरा नको, हे पोरी आणि त्यांच्या आया उघड बोलतात. संध्याकाळी चायनीजच्या गाडीवर मंचुरियन खात मोबाइलवरच्या पैशांच्या खेळात 'टीम लावणं' हा याच पोरांचा उद्योग होता. पैशांच्या ऑनलाइन खेळांवर ऑगस्ट २०२५मध्ये कायद्याने बंदी आली तेव्हा त्या गप्पा आटल्या. गुटख्यावर तर राज्यात २०१२पासूनच बंदी आहे, पण बंदी किती पाळली जाते हे पानटपरीशेजारच्या लाल भिंतीलाच विचारावं.

पोरींच्या आयुष्यातला बदल मात्र रीलमध्ये मावत नाही. शाळेत जायला सायकल किंवा मानव विकासची निळी बस. १७ मार्च २०२३पासून एसटीत अर्धं तिकीट, त्यामुळे शहाद्याला कॉलेजला जाऊ का, यावरचा घरातला वाद अर्ध्यावर आला. आता त्या सणाला दोन पोशाख करतात. एक पारंपरिक, चांदीच्या दागिन्यांसह, आणि दुसरा जीन्स-कुर्ता. पारंपरिक पोशाख आजी रोज घालायची. नातीला तो मुद्दाम घालावा लागतो, आणि मुद्दाम घातलेल्या गोष्टीत अभिमान जास्त असतो. लग्न ठरताना काही घरांत आता कुंडलीच्या जागी सिकलसेलचा रिपोर्ट मागतात. पण कोवळ्या वयात होणारी लग्नं अजून थांबलेली नाहीत, आणि स्वतः जोडीदार निवडलेल्या पोरीला अजूनही आधी समाजाची बैठक आणि दंड यांतून जावं लागतं. पोराच्या हातातला मोबाइल ही चैन, पोरीच्या हातातला मोबाइल हा संशय, हा फरक सपाटीवर आहे तसाच डोंगरातही आहे.

आषाढात पाहावं

थोडक्यात सांगायचं तर या भागातल्या तरुणाने जुनं टाकून नवं घेतलेलं नाही. त्याने नव्याचा उपयोग जुनं मिरवायला केला आणि जुन्याचा उपयोग नव्या जगात स्वतःचं नाव सांगायला केला. संस्कृती जाते की राहते, या काळजीत वेळ घालवण्याचं कारण नाही. ती राहिली आहे, नाचते आहे, वरून ड्रोनही फिरतो आहे. काळजी आहे ती तिच्या खर्चाची. चार दिवसांच्या दिसण्यासाठी सहा महिने पडावावर काढावे लागतात, आणि त्या सहा महिन्यांची रील सहसा कुणी टाकत नाही.

म्हणून इथला कुठलाही ट्रेंड टिकला का, हे होळीत बघू नये. आषाढात बघावं. चिखलाचे दिवस, हातात पैसा नाही, भाताची लावणी चालू, ढगांनी नेटवर्क गेलेलं. त्या दिवसांत एखादं पोरगं गॉगल न घालता, उचल न घेता, आपल्याच गावच्या रस्त्यावरून कामाला जाताना दिसलं आणि पुढच्या दिवाळीनंतरही दिसत राहिलं, तर समजावं, काहीतरी खरोखर बदललं.